घर गहाण ठेवून निर्माती व्हावे का?

पत्राचा सारांश: पत्रलेखिका ३७ वर्षांच्या असून मूळच्या कोल्हापूरच्या आहेत. मुंबईत प्रॉडक्शन असिस्टंट म्हणून सुरुवात करून आज त्या एका दैनंदिन मालिकेच्या प्रॉडक्शन मॅनेजर आहेत. कोल्हापूर परिसरात चित्रित होणारी ही मालिका येत्या चार महिन्यांत संपणार आहे. मुंबईतील एका निर्मितीसंस्थेने त्यांना एक्झिक्युटिव्ह प्रोड्युसरचे पद देऊ केले आहे. त्यांची स्वतःची इच्छा मात्र आपली संस्था काढून मालिका करण्याची आहे. एका वाहिनीतील परिचित अधिकाऱ्याने त्यांची संकल्पना ऐकून "पायलट (म्हणजे नमुन्याचा भाग) करून आणा, पुढचे पाहू" असे म्हटले आहे. साखर कारखान्याच्या हिशेब विभागातून निवृत्त झालेले त्यांचे वडील राजारामपुरीतील घर गहाण ठेवून ३० लाख रुपये उभे करायला तयार आहेत, पण धाकट्या भावाचा त्याला विरोध आहे. पतीच्या ओळखीतील एक फाउंड्री-उद्योजक निम्म्या भागीदारीने पैसा घालायला तयार आहेत, परंतु "पैसा दुसऱ्याचा असेल तर मी निर्माती कसली?" असे पत्रलेखिकेला वाटते. पती शिरोलीच्या फाउंड्रीत नोकरीला आहेत आणि मुलगी ९ वर्षांची आहे. "नातेवाइकांच्या लेखी मी सेटवरचा चहा-नाश्ता बघणारी बाई आहे. आता उडी मारली नाही, तर मॅनेजर म्हणूनच निवृत्त होईन," असे त्यांनी शेवटी लिहिले आहे.

उत्तर:

तुमचे पत्र नीटनेटके आहे. तारखा, रकमा आणि माणसे जिथल्या तिथे आहेत, आणि त्यावरूनच तुम्ही तुमच्या कामात किती मुरलेल्या आहात ते कळते. तरीही "उडी मारू का?" या तुमच्या प्रश्नामागे एक समजूत आहे, तिच्याविषयी मला आधी बोलले पाहिजे. मॅनेजर ही खालची पायरी आणि निर्माती ही वरची, मधले अंतर धाडसाने ओलांडायचे, असे तुम्ही धरून चालला आहात. प्रत्यक्षात या दोन वेगवेगळ्या जबाबदाऱ्या आहेत. प्रॉडक्शन मॅनेजर दुसऱ्याचा पैसा वेळेत आणि मापात खर्च करतो. निर्माता स्वतःच्या जोखमीवर पैसा घालतो आणि तो परत येईपर्यंत थांबतो. पहिल्या कामातील तुमच्या कुवतीबद्दल पत्रात शंकेला जागाच नाही, पण या थांबण्याबद्दल त्यात एक ओळही नाही, आणि घर गहाण ठेवावे की नाही याचा निर्णय बहुतांशी त्याच एका गोष्टीवर अवलंबून आहे.

मुंबई दूरदर्शन १९७२ साली सुरू झाले. पुढे ऐंशीच्या दशकात प्रायोजित कार्यक्रमांची पद्धत रुळली, तेव्हा निर्माता प्रायोजक गाठायचा, जाहिरातींच्या वेळेतून खर्च भरून काढायचा आणि पुष्कळदा कार्यक्रमाचे हक्कही स्वतःकडे राखायचा. त्या काळातील निर्मात्याची प्रतिमा अजून आपल्या मनात आहे. आज खासगी वाहिन्यांवरील बहुतेक दैनंदिन मालिका वाहिनीच्या मागणीनुसार बनतात. वाहिनी दर भागाची रक्कम ठरवते, कथेच्या प्रत्येक वळणाला तिची संमती लागते, प्रमुख कलाकारांच्या निवडीत तिचा शब्द शेवटचा असतो, आणि करारानुसार मालिकेचे हक्क सर्वसाधारणपणे वाहिनीकडेच जातात. निर्मात्याच्या वाट्याला ठरलेल्या रकमेत मालिका वेळेवर पोचवण्याची जबाबदारी आणि त्यातून उरेल तेवढा नफा येतो. तेव्हा घर गहाण ठेवून तुम्ही त्या मालिकेच्या मालकीण होणार आहात असे वाटत असेल, तर ते तसे नाही. तुम्ही वाहिनीला काही महिन्यांची उधारी देणार आहात.

ही उधारी तुमच्या वडिलांना माझ्यापेक्षा चांगली कळेल. शेतकरी सोसायटीचे कर्ज काढून ऊस वाढवतो, ऊस कारखान्याला जातो, आणि बिल मागून येते. उसाच्या बिलाला निदान १४ दिवसांचा कायदा तरी आहे, तोही किती पाळला जातो हे आपल्या जिल्ह्यात कोणाला सांगायला नको. मालिकेच्या भागाचे पैसे प्रक्षेपणानंतर ९० दिवसांनी देण्याचा रिवाज या धंद्यात मुरलेला आहे.

आता एक गणित मांडू. त्यातील आकडे केवळ समजण्यासाठी घेतलेले आहेत, तुमच्या मालिकेचे खरे आकडे तुम्ही त्या जागी घाला. समजा, एका भागाला २ लाख रुपये मिळणार आहेत, खर्च १ लाख ८० हजार होणार आहे आणि महिन्याला २६ भाग जाणार आहेत. महिन्याचा खर्च ४६ लाख ८० हजार झाला. कलाकारांचे मानधन उशिरा द्यायचे असते असे धरले, तरी लाइटमन, स्पॉट, मेकअप, कॅटरिंग, जनरेटरचे डिझेल, गाड्या, लोकेशनचे भाडे हे सगळे रोजच्या रोज किंवा आठवड्याला चुकते करावे लागते. हा भाग ६० टक्के धरला, तर दरमहा २८ लाख रुपये रोख लागतात. चित्रीकरण प्रक्षेपणाच्या काही आठवडे आधी सुरू होते, कारण हाताशी आधीच चित्रित केलेल्या भागांचा साठा नसेल तर एका कलाकाराच्या तापानेही मालिका अडते. म्हणजे पहिला चेक हाती येईपर्यंत सुमारे चार महिने जातात आणि तोवर १ कोटी १२ लाख रुपये बाहेर गेलेले असतात. घर गहाण ठेवून येणारे ३० लाख या हिशेबात जेमतेम पहिला महिना पार करतात. पुढचे तीन महिने कोणाच्या पैशाने चालणार, याचे उत्तर मिळाल्याशिवाय पहिल्या महिन्याच्या पैशाला अर्थ नाही.

यात जीएसटीची भर घाला. वर्षाला २० लाखांहून अधिक सेवा पुरवणाऱ्याला नोंदणी करावी लागते आणि १८ टक्के कर बिलावर लागतो, वसुलीवर नाही. ५२ लाखांच्या बिलावर ९ लाख ३६ हजार रुपये कर होतो. तुम्ही दिलेल्या करांची वजावट मिळेल हे खरे, पण उरलेली रक्कम पुढच्या महिन्याच्या २० तारखेपर्यंत सरकारला भरावी लागते आणि वाहिनीकडून ती तुम्हाला बिलाबरोबरच, म्हणजे तीन महिन्यांनी मिळते. मॅनेजर म्हणून तुम्ही आजवर खर्चाची बाजू सांभाळलीत. निर्मात्याला खर्चाच्या कागदाशेजारी तारखांचा दुसरा कागद ठेवावा लागतो, आणि माझ्या पाहण्यात चांगल्या चालणाऱ्या मालिकांच्या निर्मात्यांनाही अडचणीत आणले आहे ते या दुसऱ्या कागदाने.

सेटचे गणित याहून कठोर आहे. वाड्याचा सेट उभारायला समजा ३० लाख लागले आणि ते १५० भागांवर विभागले, तर दर भागावर २० हजारांचा बोजा पडतो. टीआरपीचे आकडे दर गुरुवारी येतात. ते मनासारखे नसतील, तर वाहिनी कराराप्रमाणे काही आठवड्यांची सूचना देऊन मालिका आटोपती घेऊ शकते. ६० व्या भागाला मालिका थांबली, तर सेटचे १२ लाख वसूल झालेले असतील आणि १८ लाख तुमच्या अंगावर राहतील. तुम्ही स्वतः एकही चूक न करता हे घडू शकते, म्हणून किमान किती भागांची हमी आहे, बंद करण्याची सूचना किती आठवड्यांची आहे आणि वसूल न झालेला सेटचा खर्च कोण सोसणार, ही तीन कलमे नसलेल्या करारावर घर असलेल्या माणसाने सही करू नये. घर नसलेल्यानेही करू नये, पण त्याचे निदान घर जात नाही.

काही जण तुम्हाला सांगतील की, एलएलपी किंवा एकल व्यक्ती कंपनी काढा, म्हणजे जबाबदारी मर्यादित राहील. कायद्याने ती राहते. परंतु कर्जासाठी बँक व्यक्तिगत हमी मागते आणि घराचे गहाणखत करून घेते, आणि त्या कागदांवर सही झाली की ती मर्यादा तुमच्यापुरती उरत नाही. तुमच्या भावाचा विरोध तुम्ही अविश्वास म्हणून वाचला आहे. मला तो तसा वाटत नाही. त्या घरात त्याचाही जीव आहे, आणि कर्ज फिटले नाही तर काय, हा त्याचा प्रश्न बँकेच्या प्रश्नाहून वेगळा नाही.

म्हणून माझे मत स्पष्ट सांगते: घर गहाण ठेवू नका. वडिलांचा तुमच्यावरचा विश्वास मोलाचा आहे. त्याचा उपयोग मात्र त्यांच्याकडून पैशाऐवजी वेळ घेऊन करा. आयुष्यभर येणे-देण्याच्या वह्या पाहिलेला माणूस घरात असताना वरचे गणित खऱ्या आकड्यांनी मांडायला दुसरा सल्लागार कशाला हवा?

आता त्या उद्योजकांकडे येऊ. "पैसा दुसऱ्याचा असेल तर मी निर्माती कसली?" हे वाक्य तुम्ही कोल्हापुरात बसून लिहावे याची मला गंमत वाटली. १९२९ साली याच शहरात प्रभात फिल्म कंपनी स्थापन झाली, तेव्हा बाबूराव पेंटरांच्या महाराष्ट्र फिल्म कंपनीत तयार झालेल्या शांताराम, दामले, फत्तेलाल आणि धायबर या चौघांबरोबर पाचवे भागीदार होते सीतारामपंत कुलकर्णी, आणि ते सराफ होते. त्यांनी भांडवल घातले म्हणून बाकीचे चौघे कमी निर्माते ठरले, असे कोणी म्हटल्याचे मी ऐकलेले नाही. कौशल्य एकाचे आणि भांडवल दुसऱ्याचे ही या शहरातील जुनी रीत आहे, आणि ज्याला तोटा सोसता येतो त्यानेच तोट्याची जोखीम घ्यावी हे तिच्यातील शहाणपण आहे.

अर्थात, निम्मी भागीदारी डोळे मिटून स्वीकारा असे मी म्हणत नाही. फाउंड्री चालवणाऱ्या माणसाला ऑर्डर, माल, बिल हा क्रम कळतो, पण कथानक मनासारखे वळत नाही म्हणून वाहिनीने चित्रित झालेले तीन भाग बाजूला ठेवायला लावले, हे त्याला पहिल्यांदा पटणार नाही. त्यामुळे करार करण्याआधी त्यांना चार-पाच दिवस तुमच्या सेटवर बसवा. त्यानंतरही त्यांचा उत्साह टिकला, तर बोलणी पुढे न्या. करारात तोटा कोणत्या प्रमाणात वाटला जाईल, चेकवर कोणाच्या सह्या लागतील, ठरलेल्या रकमेपेक्षा जास्त पैसा लागला तर तो घालण्याचे त्यांच्यावर बंधन आहे की नाही, तुमच्या दैनंदिन कामाचा मोबदला नफ्याच्या आधी मिळणार की नंतर, आणि एकाला बाहेर पडायचे असेल तर हिशेब कसा होईल, हे सगळे लिहिलेले असावे. यातील कामाच्या मोबदल्याचा मुद्दा स्त्रिया फार लवकर सोडून देतात. तुम्ही सोडू नका. बारा तासांच्या शिफ्टच्या आधी सेटवर पोचून पॅकअपनंतर सर्वांत शेवटी निघणारी व्यक्ती नफ्याच्या आशेवर फुकट राबणार असेल, तर ती भागीदारी नव्हे.

वाहिनीतील अधिकाऱ्यांच्या आश्वासनाबद्दल थोडक्यात लिहिते. "पायलट करून आणा" हे आमंत्रण आहे, ऑर्डर नाही. पायलटचा खर्च कोणाचा, आणि तो नापसंत झाला तर संकल्पना तुमच्याकडे परत येणार का, हे ठरल्याखेरीज कॅमेरा भाड्याने आणू नका. शिवाय नुसत्या कल्पनेला कॉपीराइट नसतो. तो मिळतो तिच्या लिखित मांडणीला. संकल्पना, पात्रे, पहिल्या काही आठवड्यांचे कथासूत्र आणि एका भागाची पटकथा लिहून काढा आणि कॉपीराइट कार्यालयाकडे किंवा मुंबईच्या स्क्रीनरायटर्स असोसिएशनकडे नोंदवा. लेखन दुसऱ्या कोणाचे असेल, तर त्या लेखकाशी आधी करार करा, नाहीतर तुम्ही जे विकायला निघाला आहात ते तुमचे नसेल.

मुंबईच्या पदाचा विचार तुम्ही पत्रात दोनच ओळींत संपवला आहे. मला ते घाईचे वाटते. एक्झिक्युटिव्ह प्रोड्युसर या नावाखाली प्रत्येक संस्थेत निराळे काम असते: कुठे ती व्यक्ती वाहिनीशी रोजचे बोलणे, लेखकांच्या बैठका आणि बजेट या तिन्ही गोष्टी पाहते, तर कुठे तिला जुनेच काम नव्या नावाने करावे लागते. तेव्हा पगाराआधी हे विचारा की, वाहिनीशी कराराची बोलणी होतात त्या बैठकीत मी असेन का, बिले आणि वसुलीचा तक्ता मला दिसेल का, आणि श्रेयनामावलीत माझे नाव कोणत्या पदाने येईल? पहिल्या दोन प्रश्नांची उत्तरे होकारार्थी असतील, तर निर्मितीतला जो भाग तुम्हाला अजून दिसलेला नाही तो दुसऱ्याच्या पैशावर शिकण्याची ही संधी आहे, आणि दीड-दोन वर्षांसाठी ती घेण्यासारखी आहे. उत्तरे नकारार्थी असतील, तर मोठ्या पदासाठी मुलीपासून ३८० किलोमीटर दूर राहण्यात मला फायदा दिसत नाही. मुलीविषयी तुम्ही जवळजवळ माफी मागितल्यासारखे लिहिले आहे, त्याची काही गरज नाही. निर्णयाच्या तक्त्यात तिची एक ओळ असणारच.

तुमच्या पत्रात नसलेली एक वाट मला सर्वांत व्यवहार्य वाटते, ती म्हणजे कोल्हापुरात राहून लाइन प्रोड्युसर म्हणून काम सुरू करणे. बाहेरून येणाऱ्या चित्रपटांसाठी, जाहिरातींसाठी, वेब मालिकांसाठी आणि मालिकांच्या बाह्यचित्रीकरणासाठी स्थानिक निर्मिती सांभाळायची, आणि त्यासाठी ठोक रक्कम किंवा बजेटवर ठरलेला टक्का घ्यायचा. पैसा येणाऱ्या संस्थेचा असतो. तुम्ही आगाऊ रक्कम हातात आल्याशिवाय एकही गाडी हलवायची नाही, आणि शेवटचा हप्ता युनिट गाव सोडण्यापूर्वी घ्यायचा, हा नियम पहिल्या कामापासून पाळा. ओळखीचे लोक आहेत, मागाहून देतील, असे म्हणून केलेली कामेच पुढे बुडतात.

हे काम इथे का चालू शकते, ते तुम्हाला मी सांगण्याची गरज नाही, पण तुमच्यासारख्या इतर वाचकांसाठी लिहिते. 'तुझ्यात जीव रंगला' या मालिकेमुळे २०१६ पासून वसगडे गाव घरोघरी पोचले. जोतिबावरील मालिकेसाठी मोरेवाडीच्या चित्रनगरीत सेट उभा राहिला. अखिल भारतीय मराठी चित्रपट महामंडळाचे मुख्य कार्यालय याच शहरात आहे. राज्य नाट्य स्पर्धेत उतरणाऱ्या संघांमुळे छोट्या भूमिकांसाठी कसलेले नट मिळतात, आणि सुतार, रंगारी, मूर्तिकार यांची तर इथे पिढ्यान्‌पिढ्यांची परंपरा आहे. उणीव आहे ती हे सगळे जोडून देणाऱ्या, कागदपत्रे बिनचूक ठेवणाऱ्या आणि दिलेला शब्द पाळणाऱ्या माणसाची.

परवानग्यांचेच पाहा. मुंबईहून आलेल्या युनिटला कोल्हापूर म्हणजे एक गाव वाटते, पण त्यातल्या प्रत्येक जागेचा मालक निराळा. पन्हाळा हे केंद्राचे संरक्षित स्मारक आहे, तिथे भारतीय पुरातत्त्व सर्वेक्षण विभागाची परवानगी लागते. २०२५ मध्ये तो किल्ला मराठा लष्करी स्थापत्याच्या गटातून जागतिक वारसा यादीत गेल्यापासून तिथे बाहेरच्या युनिटचा ओढा वाढला तरी नियम सैल होतील असे समजू नये. अंबाबाई आणि जोतिबा या देवस्थानांसाठी पश्चिम महाराष्ट्र देवस्थान व्यवस्थापन समितीकडे जावे लागते, रंकाळ्यासाठी महापालिकेकडे, आणि रस्ता अडवायचा असेल तर वाहतूक पोलिसांकडे. ड्रोन उडवायचा तर उजळाईवाडीचा विमानतळ जवळ असल्याने कोणता भाग कोणत्या रंगाच्या क्षेत्रात येतो, हे ड्रोनसाठीच्या 'डिजिटल स्काय' या सरकारी संकेतस्थळाच्या नकाशावर आधी पाहावे लागते. लहान मूल काम करणार असेल, तर जिल्हा दंडाधिकाऱ्यांची परवानगी लागते, दिवसाला पाच तासांहून अधिक आणि विश्रांतीशिवाय सलग तीन तासांहून अधिक काम घेता येत नाही, आणि त्याच्या उत्पन्नाचा किमान २० टक्के भाग त्याच्या नावे मुदत ठेवीत ठेवावा लागतो. दृश्यात घोडा किंवा म्हैस हवी असेल, तर प्राणी कल्याण मंडळाच्या परवानगीला किती आठवडे लागतील ते गृहीत धरूनच वेळापत्रक आखावे लागते, कारण गावातील म्हैस गोठ्यातून पाच मिनिटांत येते, परवानगी येत नाही. ही सगळी माहिती तुमच्याकडे अनुभवाने आहे, आणि ती ज्यांच्याकडे नाही ते तिच्यासाठी पैसे मोजतात. तिला तुम्ही व्यवस्था म्हणता आणि नातेवाईक चहा-नाश्ता म्हणतात, एवढेच.

(चहा-नाश्त्याबद्दलही एक शब्द. शंभर माणसांच्या युनिटला सकाळचा नाश्ता वेळेवर मिळाला नाही, तर पहिला शॉट किती उशिरा लागतो हे नातेवाइकांना माहीत नसणे स्वाभाविक आहे. तुम्हाला ते माहीत असूनही तुम्ही त्यांच्या नजरेने स्वतःकडे पाहावे, हे मात्र मला खटकले.)

या वाटेच्या अडचणी झाकून ठेवत नाही. कॅमेरे, लेन्स आणि लाइटचा मोठा भाग अजून मुंबई-पुण्याहून आणावा लागतो, त्यामुळे लहान बजेटच्या कामाला वाहतूकच खाऊन टाकते. पावसाळ्यात काम रोडावते. २०१९ आणि २०२१ च्या पुरात शिरोलीजवळ महामार्ग पाण्याखाली गेला होता, हे लक्षात घेऊन जुलै-ऑगस्टमधील बाह्यचित्रीकरणाच्या करारात नैसर्गिक आपत्तीचे कलम आणि थांबलेल्या दिवसांचे दर आधीच लिहून घ्यावे लागतात. शिवाय कामगाराला सेटवर अपघात झाला, तर भरपाईची जबाबदारी कोणाची, हे ठरवून तेवढा विमा काढल्याशिवाय उंचीवरचे किंवा पाण्यातले दृश्य हाती घेऊ नये. मॅनेजर असताना अशा वेळी तुम्ही फोन करून निर्मात्याला विचारत होतात. आता तो फोन तुम्हाला येईल.

नोंदणीचे काम चार महिन्यांत, पगार सुरू असतानाच उरका. सुरुवातीला मालकी हक्काची साधी संस्था पुरेशी आहे. सूक्ष्म उद्योग म्हणून उद्यम नोंदणी जरूर करा. सूक्ष्म व लघु उद्योगांसाठीच्या २००६ च्या कायद्यानुसार अशा नोंदणीकृत पुरवठादाराला, लेखी करार असला तरी, ४५ दिवसांच्या आत पैसे देणे बंधनकारक आहे, करार नसेल तर १५ दिवसांत. १ एप्रिल २०२४ पासून मुदतीत न दिलेली रक्कम खरेदीदाराला त्या वर्षीच्या आयकरात खर्च म्हणून दाखवता येत नाही. ज्याच्याकडून पुढचे काम हवे आहे त्याच्यावर तक्रार करायला कोणी धजत नाही, हे मला ठाऊक आहे. तरीही बिलावर उद्यम क्रमांक छापलेला असला, की समोरच्या संस्थेचा हिशेबनीस मार्चअखेरीस तुमचे बिल वर काढतो, एवढा उपयोग नक्की होतो.

आणि तुमची संकल्पना? ती सोडून द्या असे मी सुचवत नाही. ती घेऊन तुम्ही थेट वाहिनीकडे जाण्याऐवजी, जिला रोखीचा भार सोसण्याचा अनुभव आहे अशा प्रस्थापित निर्मितीसंस्थेकडे जा. त्यांनी भांडवल आणि वाहिनीशी करार सांभाळावा, तुम्ही कोल्हापुरातील संपूर्ण निर्मिती सांभाळावी, आणि त्या बदल्यात तुम्हाला सहनिर्माती म्हणून श्रेय, दर भागामागे ठरलेली रक्कम आणि नफ्यात लहानसा हिस्सा मिळावा, अशी बोलणी करता येतात. सध्या जिच्यासाठी काम करता त्या संस्थेला हे आधी विचारा, कारण तुमचे काम त्यांनी पाहिलेले आहे. मुंबईच्या ज्या संस्थेने पद देऊ केले आहे, तिच्याशीही याच अंगाने बोलता येईल. कदाचित पदापेक्षा हा प्रस्ताव त्यांना अधिक सोयीचा वाटेल.

या विषयावर विशीतल्या वाचकांचीही पत्रे येतात, त्यांच्यासाठी दोन ओळी. निर्मिती हाच विषय धरून शिकायचे असेल, तर कोलकात्याच्या सत्यजित राय संस्थेत चित्रपट व दूरचित्रवाणी निर्मितीचा पदव्युत्तर अभ्यासक्रम आहे. कोल्हापुरात शिवाजी विद्यापीठाचा जनसंज्ञापन विभाग आहे. मात्र या कामातील बहुतेक माणसे प्रॉडक्शन असिस्टंट म्हणूनच आत येतात. पटकथेवरून दृश्यवार यादी काढणे, कॉलशीट (कोणी किती वाजता कुठे यायचे याचा रोजचा तक्ता) लिहिणे आणि रोजचा खर्च त्याच रात्री व्हाउचरसह नोंदवणे या तीन गोष्टी ज्याला येतात, त्याला पहिले काम मिळायला फार वेळ लागत नाही.

शेवटी, वाहिनीतील त्या अधिकाऱ्यांच्या भेटीविषयी. तुम्ही पुढच्या महिन्यात त्यांना भेटणार आहात, तर भेट रद्द करू नका. पायलट न घेता, लिहिलेली आणि नोंदवलेली संकल्पना घेऊन जा. नव्या संस्थेला थेट काम देता का, की अनुभवी संस्थेबरोबर आलेले चालेल, हे त्यांनाच विचारा. किमान भागांची हमी, पैसे मिळण्याची मुदत आणि पायलटचा खर्च या तीन गोष्टींवर त्यांचे म्हणणे ऐकून घ्या. कचेरीतून बाहेर पडल्यावर त्याच दिवशी, काय बोलणे झाले ते सभ्य शब्दांत ई-मेलने लिहून त्यांना पाठवा. पंधरा दिवसांत लेखी उत्तर आले, तर ते घेऊन निर्मितीसंस्थेकडे जा. उत्तर आले नाही, तर तोवर चित्रनगरीत पुढच्या हंगामाच्या तारखा कोणी घेतल्या आहेत ते पाहून लाइन प्रॉडक्शनच्या पहिल्या कामासाठी दरपत्रक पाठवायला सुरुवात करा.